काविळीची फिल्म

मला आयुष्यात कधीही कावीळ झालेली नाही. हे आधीच लिहून टाकते, कारण परभणीत आमच्या गल्लीत उभं राहून हे वाक्य बोलले तर लोक हसतील. तिथं माझी कावीळ सगळ्यांनी मान्य केलेली आहे. कुणाच्या लग्नात पंगतीला बसले की भज्यांची परात घेऊन येणारी बाई माझ्यासमोर थबकते, "तुला तेलकट चालत न्हाई ना गं," असं मायेनं म्हणते आणि पुढं सरकते. भजी म्हणजे माझा जीव की प्राण. तरी कित्येक लग्नांतून मी भज्यांवाचून परत आलेली आहे, आणि याला जबाबदार दुसरं तिसरं कुणी नसून माझी सख्खी आई आहे.

झालं असं, की काही वर्षांपूर्वी मी पुण्यातली नोकरी सोडून एका बॅगेसह घरी आले. वडील मी कॉलेजात असतानाच गेलेले, त्यामुळे घरात आई एकटीच. वरच्या खोलीत बॅग टेकवली, जरा पडते म्हणाले आणि पडले ती पडलेच. दुःख म्हणावं तर तसं काही कारण नव्हतं. प्रेमभंग नाही, नोकरीत कुणी छळलं नाही. फक्त सगळं लांब गेलं होतं. उशाशी पाण्याचा ग्लास असायचा, तहान लागलेली असायची, आणि तो ग्लास घ्यायचा म्हणजे हात उचलावा लागेल, त्याआधी कुशीवर वळावं लागेल, असा विचार करता करता दुपार व्हायची. केसांचा गुंता इतका झाला की शेवटी आईनं तो कात्रीनं कापला. खालून गल्लीचे आवाज यायचे, घंटागाडीचं गाणं, भाजीवाल्याचा भोंगा, कुणाच्या तरी कुकरच्या शिट्ट्या, आणि मला वाटायचं की ही माणसं रोज उठून एवढं सगळं कशाच्या जोरावर करतात. मरायचं वगैरे माझ्या मनात नव्हतं. मला कुणी हाक मारू नये, एवढंच वाटायचं.

आई जिल्हा परिषदेच्या शाळेत विज्ञान शिकवून रिटायर झालेली. गल्लीत तिला सगळे बाई म्हणतात. गंडेदोरे, अंगारे, लिंबू-मिरच्या यांच्याशी तिचं जुनं वैर. एकदा आमच्या दारात थांबलेल्या ऑटोला नुकतंच लटकवलेलं लिंबू तिनं ड्रायव्हरच्या देखत तोडलं आणि पोह्यांवर पिळलं. मग त्या ड्रायव्हरलाही एक प्लेट दिली, आणि त्यानं ती मुकाट्यानं खाल्ली. अशी ही बाई. पण माझ्यासमोर तिचं विज्ञान थकलं. ताप नाही, खोकला नाही, मोजून बघता येईल असं काहीच नाही. ती नुसती दारात उभी राहायची आणि काय होतंय गं, असं विचारायची. मला सांगता यायचं नाही.

अशात मावसभावाचं लग्न निघालं. पोरीला घेऊन का येत नाहीस, म्हणून मावशीचा फोन आला. आई स्वयंपाकघरात उभी होती, समोर हळदीचा डबा होता म्हणे, आणि तिच्या तोंडून निघून गेलं, "कावीळ झालीय तिला." नंतर तिनं मला यामागचं शास्त्र समजावून सांगितलं. टायफॉइड म्हटलं तर लोक बघायला येतात. डेंगू म्हटलं तर दवाखाना कोणता आणि प्लेटलेट किती हे विचारतात. कावीळ म्हणजे माणूस पडून असतं, अशक्त दिसतं, कुणात मिसळत नाही आणि शेवटी बरं होतं. लक्षणं अगदी बरोबर जुळत होती. एकच गोष्ट ती विसरली, की काविळीवर इलाज माहीत नसलेला माणूस आपल्याकडं अजून जन्माला यायचाय.

संध्याकाळपर्यंत निम्म्या गल्लीला कळलं आणि उरलेल्या निम्म्या गल्लीला शेजारच्या काकूंनी कळवलं. काकूंचं आणि आमचं घर एका भिंतीचं. कुणाच्या घरात आज कोणती भाजी आहे हे त्यांना फोडणीच्या वासावरून कळतं, आणि मीठ कमी पडलं असेल तर तेही कळत असावं अशी माझी समजूत आहे. त्यांच्याकडून उसाचा रस आला, मुळे आले, भिजवलेले मनुके आले. आईला घरात हळद बंद करावी लागली, कारण काकू येता-जाता पातेल्यावरचं झाकण उचलून बघायच्या. मग बिनतेलाचं, बिनहळदीचं वरण आलं, आणि ते दोघींनीही खायचं, कारण एका घरात दोन वरणं शिजली तर शेजारी वासही दोन जातात. आधी मला चव लागत नव्हती. आता खरोखरच चव उरली नाही.

आणि एका रविवारी काकू माळ घेऊन आल्या. काविळीची माळ ज्यांना माहीत नाही त्यांना सांगते. कसल्याशा झाडाच्या काड्यांचे बारीक तुकडे दोऱ्यात गाठवून केलेली, डोक्यावर जेमतेम बसेल एवढी ती माळ असते. ती डोक्यावर ठेवायची. जसजशी कावीळ उतरेल तसतशी माळ वाढत जाते आणि खाली गळ्यात येते, असं मानतात. काकू त्यासाठी पिंगळीच्या पुढं कुठल्याशा खेड्यात उपाशीपोटी जाऊन आल्या होत्या. माळ हातात धरून त्या खोलीच्या दारात उभ्या, आणि त्यांच्यासमोर माझी आई, जन्मभर असल्या दोऱ्यांविरुद्ध भाषणं केलेली. नको म्हणावं तर काकू विचारणार, कावीळ आहे ना, मग का नको. हो म्हणावं तर जन्मभराच्या भाषणांवर पाणी. आईच्या चेहऱ्यावर त्या वेळी काय काय होऊन गेलं ते मी अंथरुणातून पाहिलं. घाला म्हणाली आणि भिंतीकडं तोंड करून उभी राहिली. कित्येक महिन्यांत पहिल्यांदा माझ्या पोटात हसण्यासारखं काहीतरी हललं. बाहेर आलं नाही, पण हललं.

माळ वाढली. काड्या वाळल्या की आक्रसतात आणि गाठी सैल पडतात, त्यामुळं ती कुणाच्याही डोक्यावर वाढणार, अगदी माठावर ठेवली तरी वाढणार, असं आईनं मला दातओठ खात कुजबुजून सांगितलं. पण काकूंनी ती माझ्या गळ्यात आलेली पाहिली आणि कावीळ उतरल्याचं गल्लीभर जाहीर केलं. मी तेव्हाही पलंगावरच होते.

खरा इलाज नांदेडला झाला. परभणीतही मनाचे डॉक्टर आहेत, पण त्यांच्या बाकावर आपल्या शेजारी कोण येऊन बसेल याचा नेम नाही. म्हणून आई मला रेल्वेनं नांदेडला न्यायची आणि गल्लीत सांगायची की काविळीचं रक्त तपासायला जातोय. डॉक्टरांनी गोळ्या दिल्या, हळूहळू बोलतं केलं, आणि पुष्कळ दिवसांनी एका सकाळी मी आपण होऊन खाली उतरले आणि चहा टाकला. आई त्या दिवशी चहा पिताना एक अक्षर बोलली नाही, बोललं तर मी परत वर जाईन अशी तिला भीती होती. पुढं इथंच एका कॉलेजच्या ग्रंथालयात मला नोकरी लागली. आजार गेला. कावीळ मात्र राहिली.

फिल्मचं खूळ गेल्या हिवाळ्यात डोक्यात शिरलं. ग्रंथालयातली मुलं मोबाइलवर सात-आठ मिनिटांच्या प्रायोगिक फिल्म बघायची आणि मलाही दाखवायची. त्यांत एकटेपणावरच्या पुष्कळ होत्या. प्रत्येकीत एक सुंदर मुलगी खिडकीशी बसलेली, हातात कॉफीचा मग, आणि केस असे मोकळे सोडलेले की शांपूची जाहिरात वाटावी. मला भयंकर राग यायचा. माझ्या एकटेपणात केस धुतलेलेच नव्हते. मी ठरवलं, आपण फिल्म करायची आणि तिच्यात माणूसच दाखवायचं नाही. पलंगावर पडलेल्या बाईला जे दिसतं तेवढंच दाखवायचं, छत, पंखा, दार, दाराशी ठेवलेलं ताट. आणि तिला जे ऐकू येतं तेवढंच ऐकवायचं. बघणाऱ्याला थोडा वेळ त्या पलंगावर नेऊन झोपवायचं, एवढाच बेत होता.

कॅमेरा होता पिंगळीच्या एका लग्नाच्या शूटिंगवाल्याकडं. मावसभावाचं लग्न त्यानंच काढलेलं. पौषात लग्नं नसल्यानं तो मोकळा होता आणि काहीतरी कलात्मक करायची त्याला मनापासून हौस होती. मोटरसायकलवर ट्रायपॉड आडवा बांधून तो आला, खोलीत नजर फिरवली आणि पात्र तयार व्हायला किती वेळ लागेल असं त्यानं विचारलं. पात्र नाहीच, म्हटल्यावर तो बराच वेळ रिकाम्या पलंगाकडं बघत राहिला. नुसतं छत दाखवणं त्याला सहन व्हायचं नाही. थोडा वेळ गेला की त्याचा हात आपोआप सरकायचा आणि कॅमेरा पंख्यावरून अलगद उतरत दारापर्यंत यायचा, जणू दारातून आता वरमाय येणार आहे. काहीतरी घडू द्या की ताई, असं तो कळवळून म्हणायचा. काही घडत नाही हाच विषय आहे, हे मी त्याला परोपरीनं सांगितलं. त्यानं मान डोलावली, घरी गेला आणि पहिलं एडिटिंग करून घेऊन आला. त्यात पंख्यातून गुलाबाच्या पाकळ्या पडत होत्या आणि मागं सनई वाजत होती.

दुसरी अडचण आवाजाची. मला दुपारची शांतता हवी होती, आणि परभणीत सगळं मिळतं पण ती मिळत नाही. रेकॉर्डिंग सुरू केलं की पाण्याचा टँकर मागं येताना बोंब मारायचा. तो गेला की भंगारवाला यायचा. तो वळला की काकू खालून ओरडायच्या, "बाई, नळ आला हो." शूटिंगवाला म्हणाला की शांतता इंटरनेटवर तयार मिळते, ती घेऊन टाकू. मी चिडून बसले होते, आणि बसल्या बसल्या लक्षात आलं की तेव्हाही शांतता नव्हतीच. टँकर होता, भंगारवाला होता, काकूही होत्या. गल्ली तुडुंब भरलेली होती आणि मीच तिच्यात नव्हते. मग सगळे आवाज ठेवले, काकूंचा तर मुद्दाम ठेवला.

हे कळल्यावर काकू स्वतःला फिल्मची नटी समजू लागल्या. शूटिंग असलं की आमच्या जिन्यात येऊन बसायच्या. घरी एकटीला करमत नाही म्हणायच्या. काका रेल्वेत तिकिटाच्या खिडकीवर होते, तिथून रिटायर झाले, आणि दिवाळीपासून राणीसावरगावला शेताचा तुकडा बघायला जाऊन राहिलेत, असं काकू सांगायच्या. जिन्यात बसून त्या मला हळूच विचारायच्या की तुमी नांदेडला जात होता तो डॉक्टर कोणता, गोळी कसली होती, झोप लागायची का. मला वाटायचं, ही बाई खोदून खोदून खरं काढायला बघतेय. पुन्हा एकदा विचारलं तेव्हा मी ताडकन म्हणाले की काविळीवर गोळी नसते काकू, माळ असते, तुम्हीच तर आणली होती. त्या उठल्या आणि घरी गेल्या. आपण त्यांचं तोंड कसं बंद केलं या आनंदात माझा तो दिवस फार छान गेला.

ताटाचं दृश्य आईचं होतं. दार थोडं उघडतं, एक हात ताट ठेवतो आणि निघून जातो. तो हात आईचाच हवा, यावर मी अडून बसले. आई तयार झाली, पण ठेवणीतल्या बांगड्या घालून आली, आणि ताटात पुरणपोळी. मी म्हटलं, बिनहळदीचं वरण पाहिजे. ती म्हणाली, लोक म्हणतील या बाईनं पोरीला काय खाऊ घातलं. म्हटलं, तेच तर दाखवायचंय. बरीच घासाघीस होऊन तिनं तसलं वरण केलं, पण कॅमेरा सुरू व्हायच्या आत त्यावर गुपचूप कोथिंबीर भुरभुरली. मी कोथिंबीर वेचून काढली, तर तिनं कडेला लिंबाची फोड ठेवली. शूटिंगवाला मात्र खूश होता, त्याच्या दृष्टीनं फिल्ममध्ये शेवटी काहीतरी घडलं होतं.

राहिलं फक्त फोनवरचं वाक्य. पडद्यावर अंधार, आणि अंधारात आईचा आवाज, कावीळ झालीय तिला. सगळ्या फिल्ममध्ये कॅमेऱ्यासाठी बोललेलं हे एकच वाक्य. आईनं ते पहिल्याच फटक्यात इतकं सहज म्हटलं, की शूटिंगवाल्यानं हेडफोन काढून मला काळजीनं विचारलं, कधी झाली होती ताई. आणि वर, तेलकट जपून खात जा म्हणाला.

त्या संध्याकाळी मी आईपुढं बसले आणि सरळ मागितलं. फिल्म झाली, आता गल्लीत एकदा, एकदाच, तुझ्या तोंडानं सांग की कावीळ नव्हती. हे मी भज्यांसाठी मागत नव्हते. ते वर्ष मी काढलं होतं, आणि ते दुसऱ्याच रोगाच्या नावावर लागलं होतं. लोक माझ्याशी प्रेमानं बोलायचे, तब्येत विचारायचे, आणि ते सगळं प्रेम जिला कावीळ झाली होती त्या कुठल्यातरी मुलीला जायचं. याचं मला खरंच दुःख होतं. आई मेथी निवडत होती. ती म्हणाली, फिल्म पुण्यात दाखव, मुंबईत दाखव, पाहिजे तर अमेरिकेत दाखव, पण गल्लीत नको. मी विचारलं, माझी लाज वाटते का. तेव्हा तिनं हातातली जुडी खाली ठेवली.

"तुझी न्हाई, माझी," ती म्हणाली. "अख्ख्या गल्लीच्या पोरांना मी शिकवलं. माझ्याच घरात पोरगी वर पडून होती आणि मला कळंना काय झालंय. हे कोणत्या तोंडानं सांगू?"

मी ती जुडी उचलली आणि मेथी निवडू लागले. पण माझा हट्ट सुटला नाही, मी तिचीच मुलगी.

गल्लीत फिल्म दाखवायचं शेवटी काकूंनीच जमवून आणलं. आपला आवाज आहे म्हणजे आपला हक्क आहे, हे त्यांनी गल्लीतल्या बुद्धविहाराच्या कमिटीला पटवलं. विहारात मुलांच्या अभ्यासिकेसाठी घेतलेला प्रोजेक्टर आहे. रविवारी सकाळी वंदना झाल्यावर कुणी उठू नका, फिल्म आहे, अशी सूचना झाली. आई येणार नाही म्हणाली होती. ती आली, आणि पांढरी साडी नेसून अगदी मागं, दाराशी, चपलांजवळ बसली.

फिल्म सुरू झाली. छत. मग पंखा. लोकांनी थोडा वेळ दम धरला. मग एका आजोबांनी माणूस कवा येणार असं विचारलं. कुणीतरी त्यांना समजावलं की मशीन अडकलीय. एका बाईनं आमच्या छताला ओल आल्याचं सगळ्यांच्या लक्षात आणून दिलं, आणि त्यावर काय लावावं याची चर्चा रंगली. तेवढ्यात काकूंचा आवाज घुमला, बाई नळ आला हो, आणि मधल्या रांगेतल्या दोघीजणी सवयीनं उठून उभ्या राहिल्या. असा हशा मी विहारात कधी ऐकला नव्हता. काकू पुढच्या रांगेत पदर सावरून बसल्या होत्या.

मग ताट आलं. हात आला आणि गेला. ताट तसंच राहिलं. वरणावर पापुद्रा धरला, माशी बसली, उडाली, पुन्हा बसली. हळूहळू हॉल गप्प होत गेला. एका लहान मुलीनं आईला विचारलं की ती जेवंना का गं, आणि तिच्या आईनं तिला जवळ ओढून घेतलं. शेवटी अंधार आणि त्यात आईचा आवाज. दिवे लागले तेव्हा काकूंची जागा रिकामी होती. पडद्यावर नाव आलं नाही म्हणून रुसल्या असतील, असं मला वाटलं.

कमिटीचे अध्यक्ष आईच्याच हाताखाली शिकलेले. हे नेमकं कशावर आहे, असं त्यांनी मला विचारलं. मी सांगितलं, माणसाचं मन आजारी पडतं तेव्हा ते भरल्या घरात एकटं कसं पडतं, त्यावर. त्यांनी जरा विचार केला आणि मागं वळून थेट आईलाच विचारलं, "बाई, मग हिला कावीळ होती का न्हवती?"

सगळ्या माना मागं वळल्या. आईनं माझ्याकडं पाहिलं. मला अगदी खात्री वाटली की आता ती सांगणार.

"होती की," आई म्हणाली. "चांगली पिवळीधमक होती."

लोक हसले, मोकळे झाले, चहा आला. मी चपला पायात सरकवल्या आणि तडक घरी आले. एवढा राग मला आयुष्यात आला नव्हता. आई मागून आली तेव्हा मी तिच्याशी बोलले नाही, जेवले नाही, वरच्या खोलीत जाऊन धाडकन दार लावून घेतलं. लावलं आणि लगेच उघडलं, कारण ते दार लागल्याचा आवाज ऐकून आई धापा टाकत जिना चढून आली होती. काही नाही झालं, जा, असं मी म्हणाले. ती गेली नाही. आम्ही दोघी बराच वेळ तशाच उभ्या होतो, ती जिन्यात आणि मी दारात.

दिवेलागणीला काकू आल्या. एरवी पुढच्या दारातून हाका मारत येणारी बाई आज मागच्या, भांडी घासायच्या बाजूनं आली आणि ओट्याशी उभी राहिली. मी चहा ठेवत होते, आई तांदूळ निवडत होती. काकूंनी आईला तेच विचारलं, नांदेडचा तो डॉक्टर कोणता. आई सवयीनं सुरू झाली, की काविळीचं रक्त तपासायला तिथं बरं पडतं, वगैरे.

"बाई," काकू मधेच म्हणाल्या, "ते राणीसावरगावला न्हाईत. घरातच हायत. दिवाळीपासून माडीवर पडून हायत. ताट ठेवते आणि तसंच उचलून आणते."

चहा उतू गेला तरी कुणी गॅस बंद केला नाही. मी भिंतीकडं बघत राहिले. एकच तर भिंत. आम्ही इकडं छताचं शूटिंग करत होतो आणि तो माणूस पलीकडं छताकडं बघत पडला होता. गल्लीतल्या प्रत्येक पातेल्यावरचं झाकण उचलणाऱ्या काकूंनी स्वतःच्या घरावर एवढं मोठं झाकण ठेवलं होतं, आणि आम्हा कुणाला वास आला नाही. जिन्यात बसून त्यांनी विचारलेले प्रश्न आठवले तशी माझी कानशिलं तापली.

आईनं तांदळाचं ताट बाजूला सारलं. "वहिनी, आमच्या पोरीला कावीळ न्हवती," ती म्हणाली.

भरल्या हॉलपुढं जे तिला बोलता आलं नाही ते तिनं ओट्याशी उभ्या असलेल्या एका बाईला सांगितलं, नळ किती वाजता येतो हे सांगावं तसं. ज्या वाक्यासाठी मी एवढा खटाटोप केला ते माझ्याकडं न बघता बोललं गेलं, आणि मला त्याचा जराही राग आला नाही. सांडलेला चहा पुसायच्या निमित्तानं मी रडून घेतलं. तोवर आई चपला घालून बाहेर पडली होती.

काकूंच्या माडीवरचं दार बंद होतं आणि दाराशी झाकलेलं ताट होतं. आईनं दार वाजवलं नाही. गुडघे दुखतात म्हणून एरवी खुर्ची मागणारी ती बाई फरशीवर ताटाशेजारी मांडी घालून बसली. मी आणि काकू खालच्या पायऱ्यांवर थांबलो.

"भाऊ, मी शेजारची बाई," आई म्हणाली. "दार उघडू नका. नुसतं ऐका."

मग तिनं सगळं सांगितलं. पोरगी कशी पडून होती, आपल्याला कसं कळलं नाही, आपण कसे घाबरलो आणि खोटं बोललो. ते खोटं पुरं पडावं म्हणून जन्मभर ज्याला नावं ठेवली ते कसं दारात येऊ दिलं, हेही सांगितलं. मधे मधे ती थांबायची. आतून काहीच यायचं नाही. काकूंनी पदराचा बोळा तोंडाशी धरला होता. आई पुन्हा बोलू लागायची, वर्गात कुणी उत्तर दिलं नाही तरी पुढं शिकवत राहायची तिला सवय होती. डॉक्टर चांगले आहेत, फार बोलायला लावत नाहीत, मी स्वतः सोबत येते, असं ती म्हणाली. आपण सकाळच्या पॅसेंजरनं निघू, दुपारच्या जेवणाला परत, कुणाला पत्ताही लागणार नाही.

आत पलंग करकरला.

"ती पॅसेंजर आता सकाळी न्हाई, बाई," आतून आवाज आला. बरेच दिवस न वापरलेला, खरखरीत. "टाइम बदललाय तिचा."

काकूंनी माझं मनगट इतकं घट्ट धरलं की बांगडी रुतली. आई जरा पुढं सरकली आणि दाराला कान लावून बसली. मग सकाळी कोणती आहे, असं तिनं विचारलं, आणि काका दाराच्या आतून एकेक गाडी सांगू लागले.